तीनदा वाच आणि जाळून टाक : गव्हर्नर विल्यम ब्लाउंटचं प्रकरण

एप्रिल १७९७. टेनेसीचा सीनेटर विल्यम ब्लाउंट फिलाडेल्फियाच्या वाटेवर होता. कर्नल किंग नावाच्या गृहस्थाच्या लोखंडाच्या कारखान्यावर त्याचा मुक्काम पडला. तिथे २१ तारखेला त्याने जेम्स कॅरी या माणसाला एक पत्र लिहिलं. कॅरी चेरोकी या मूळनिवासी जमातीच्या मुलखात सरकारी दुभाषा होता. पत्राचा सारांश असा : आपण बोललो होतो तो बेत बहुधा या पानगळीच्या दिवसांत होईल, आणि बोललो होतो त्यापेक्षा मोठा होईल. त्यासाठी एक वजनदार माणूस इंग्लंडला गेला आहे. त्याचं जमलं तर ब्रिटिशांच्या बाजूने बहुतेक मीच पुढे असेन. हॉकिन्स, डिन्समूर, बायर्स किंवा अमेरिकेच्या नाहीतर स्पेनच्या हिताचा जो कोणी असेल, त्याला सुगावा लागू देऊ नकोस. आणि पत्र तीनदा वाचून झालं की जाळून टाक.

‘अमेरिकेच्या हिताचा जो कोणी असेल त्याला कळू देऊ नकोस’ हे अमेरिकेच्या सीनेटचा विद्यमान सभासद लिहितो आहे. दहा वर्षांपूर्वी त्या देशाच्या राज्यघटनेवर सही करणाऱ्या ३९ जणांत तो होता. त्यानंतर जवळजवळ सहा वर्षं तो एका अख्ख्या प्रदेशाचा गव्हर्नर होता.

कॅरीने पत्र जाळलं नाही.

कायदा शिकणाऱ्यांना ब्लाउंट भेटतो तो अमेरिकेतल्या पहिल्या महाभियोगाच्या निमित्ताने, एखाद्या तळटीपेत. इतिहासाच्या पुस्तकांत तो फितूर म्हणून येतो. मला हे प्रकरण आधी जमिनीचं वाटतं आणि मग फितुरीचं. ब्लाउंटने आयुष्यात जे केलं ते एकर मोजत केलं. त्याच्यावरच्या आरोपपत्रात मात्र त्याच्या जमिनींचा उल्लेखही नाही.

पगार वाटणारा

ब्लाउंटचा जन्म १७४९चा, नॉर्थ कॅरोलायनातल्या बर्टी काउंटीतला. घरची जमीन, घरचा व्यापार. जॉन ग्रे आणि थॉमस या भावांबरोबर त्याने मोठी पेढी उभी केली. स्वातंत्र्ययुद्धात तो लढण्यापेक्षा हिशेबात जास्त दिसतो. सैन्याचा पगार वाटणारा अधिकारी म्हणून त्याने काम केलं. तिथे त्याला एक गोष्ट कळली असणार. सरकारकडे रोख नव्हती, म्हणून शिपायांना पश्चिमेकडच्या जमिनीच्या हक्काचे कागद दिले जात होते. दारात भूक असलेला शिपाई तो कागद मिळेल त्या किमतीला विकून टाकायचा, आणि विकत घेणारा बसून राहू शकत असे.

१७८३ साली नॉर्थ कॅरोलायनाच्या विधिमंडळाने पश्चिमेची जमीन विक्रीला काढली. भाव शंभर एकरांना दहा पौंड, तेही घसरलेल्या कागदी चलनात. तीत चेरोकींच्या शिकारीचे प्रदेश सर्रास धरले होते. ब्लाउंट स्वतः विधिमंडळात होता. त्याने आणि त्याच्या भावांनी लाखो एकरांवर दावे लावले, त्यातले कित्येक खोट्या नावांनी. आपल्याकडे ‘बेनामी’ म्हटलं की जे लगेच ध्यानात येतं, तेच हे. पुढे लोकांनी त्या कायद्याला जमीन लुटण्याचा कायदा असंच नाव पाडलं.

१७८७च्या उन्हाळ्यात तो नॉर्थ कॅरोलायनाचा प्रतिनिधी म्हणून घटना परिषदेला फिलाडेल्फियात होता. तिथल्या चर्चेत त्याचा आवाज जवळजवळ ऐकूच येत नाही. मधला बराच काळ तर तो न्यूयॉर्कला जुन्या काँग्रेसच्या बैठकांना गेला होता. शेवटच्या दिवशी, १७ सप्टेंबरला, तो बोलला. परिषदेतला प्रतिनिधी जेम्स मॅडिसन याच्या टिपणांनुसार ब्लाउंट म्हणाला की घटनेला पाठिंबा देण्याचं बंधन येईल अशी सही मी करणार नव्हतो. पण हा मसुदा परिषदेतल्या राज्यांनी एकमताने केला, एवढ्यापुरती साक्ष द्यायची असेल तर हरकत नाही. म्हणजे सहीही केली आणि अंगही काढून घेतलं. माणूस ओळखायला एवढा प्रसंग पुरे.

त्याच परिषदेत ८ सप्टेंबरला झालेली एक चर्चा पुढे ब्लाउंटच्याच आड आली. महाभियोग कोणत्या गुन्ह्यांसाठी चालावा, हा मुद्दा होता. मसुद्यात राजद्रोह आणि लाचखोरी एवढंच होतं. व्हर्जिनियाच्या जॉर्ज मेसनने हरकत घेतली : कितीतरी मोठे आणि घातक अपराध राजद्रोहाच्या व्याख्येत बसत नाहीत, हेस्टिंग्ज राजद्रोहाचा गुन्हेगार नाही. हा हेस्टिंग्ज म्हणजे वॉरन हेस्टिंग्ज, ज्याच्या कारकिर्दीत इंग्रजांनी मराठ्यांशी पहिलं युद्ध केलं आणि १७८२ला सालबाईचा तह झाला. त्याच्यावर लंडनमध्ये तेव्हा महाभियोग चालू होत होता आणि त्याच्या बातम्या अटलांटिकपलीकडे पोचत होत्या. मेसनच्या आग्रहामुळे कलम रुंदावलं आणि ‘इतर मोठे गुन्हे व गैरवर्तन’ असे शब्द आले. दहा वर्षांनी ब्लाउंटवर आरोप ठेवताना राजद्रोह लागू होत नव्हता. त्याला पकडलं ते याच शब्दांनी.

गव्हर्नर

नॉर्थ कॅरोलायनाने आपला पश्चिम भाग केंद्र सरकारला देऊन टाकला आणि मे १७९०मध्ये काँग्रेसने त्याची ‘साउथवेस्ट टेरिटरी’ केली. अजून राज्य न झालेला, केंद्राच्या थेट अमलाखालचा प्रदेश म्हणजे टेरिटरी. आजचं टेनेसी ते हेच. गव्हर्नर राष्ट्राध्यक्षाने नेमायचा. सुरुवातीच्या टप्प्यात विधिमंडळ नसे. कायदे गव्हर्नर आणि तीन न्यायाधीश करत. हाताखालचे अधिकारी तोच नेमे. शिवाय दक्षिणेकडच्या मूळनिवासी जमातींशी व्यवहार पाहणारा अधीक्षकही तोच.

या पदाला एक पात्रता होती. १७८७च्या ज्या अध्यादेशावर ही व्यवस्था बेतली होती, त्यात गव्हर्नरकडे त्या प्रदेशात १००० एकर जमीन असली पाहिजे अशी अट होती. कल्पना अशी की ज्याचं काही गुंतलं आहे तोच मन लावून काम करील. ब्लाउंटचं एक हजारापेक्षा कितीतरी जास्त गुंतलं होतं. जून १७९०मध्ये वॉशिंग्टनने त्याची नेमणूक केली तेव्हा त्याने भावाला पत्र लिहिलं. त्यात तो म्हणतो की पगार चांगला आहे; आणि पश्चिमेकडच्या जमिनींचा पसारा इतका वाढला होता की त्या राखण्यासाठी तिकडे जाणं मला भागच होतं. नुसत्या माझ्या जाण्याने कदाचित भाव वाढले असते; या नेमणुकीने तर नक्की वाढतील.

ही कबुली नाही, खुशीचं पत्र आहे. यात काही वावगं आहे असं त्याला वाटलं नाही, आणि त्या काळच्या पुष्कळांनाही वाटलं नसतं. स्वतः वॉशिंग्टनच्या नावावर ओहायो खोऱ्यात मोठ्या जमिनी होत्या. पण वॉशिंग्टन चेरोकींशी सरहद्द ठरवायला बसलेला नव्हता. ब्लाउंट बसला होता.

१७९१च्या जून-जुलैत हॉल्स्टन नदीच्या काठी, जिथे पुढे नॉक्सव्हिल वसलं तिथे, त्याने चेरोकी पुढाऱ्यांना बोलावलं. २ जुलैला तह झाला. चेरोकींनी जमिनीचा मोठा पट्टा सोडला; बदल्यात वर्षाला १००० डॉलर आणि उरलेल्या जमिनीची हमी. पुढाऱ्यांच्या मनात ते सलत राहिलं. त्याच हिवाळ्यात ब्लडी फेलो नावाचा मुत्सद्दी एक शिष्टमंडळ घेऊन गव्हर्नरला वळसा घालून थेट फिलाडेल्फियाला पोचला आणि रक्कम दीडहजारावर नेऊन आला. सरहद्दीचा प्रश्न मात्र तसाच भिजत पडला. गोरे वसाहतवाले रेषा ओलांडून घुसत राहिले, चेरोकी आणि शेजारच्या क्रीक जमातीचे तरुण हल्ले करत राहिले, आणि युद्धमंत्री हेन्री नॉक्स ‘चढाई करू नका’ म्हणून पत्रं धाडत राहिला. याच नॉक्सचं नाव ब्लाउंटने राजधानीला दिलं होतं. वरिष्ठांना खूश ठेवायची कला त्याला चांगली साधत असे.

गव्हर्नर म्हणून तो नालायक होता असं मात्र म्हणता येणार नाही, आणि हे नीट सांगायला हवं. जॉन सेव्हियर आणि जेम्स रॉबर्टसनसारख्या सीमेवरच्या दांडग्या लोकांना त्याने सरकारी हुद्दे देऊन बांधून घेतलं. अँड्र्यू जॅक्सन नावाच्या तरुण वकिलाला सरकारी वकील केलं. प्रदेशातलं पहिलं वर्तमानपत्र, ‘नॉक्सव्हिल गॅझेट’, त्याच्याच काळात निघालं. १७९४ साली त्याच्या नावाने काढलेल्या कॉलेजातून पुढे टेनेसी विद्यापीठ झालं. नॉक्सव्हिलला त्याने फळ्यांचं, काचेच्या खिडक्यांचं घर बांधलं. भोवती ओंडक्यांच्या झोपड्या असताना ते घर हेच त्याचं कार्यालय आणि हाच त्याचा दरबार. ते आजही उभं आहे.

१७९१ला प्रदेशाची लोकसंख्या ३५,६९१ होती. राज्य व्हायला ६०,००० लागत. १७९५च्या मोजणीत आकडा ७७,२६२ निघाला. त्यात १०,६१३ गुलाम होते. राज्य हवं का, या प्रश्नावर ६,५०४ जण हो म्हणाले आणि २,५६२ नाही. जानेवारी १७९६ला नॉक्सव्हिलच्या घटनासभेचं अध्यक्षपद ब्लाउंटकडेच होतं. १ जूनला टेनेसी सोळावं राज्य झालं आणि वर्षअखेरीस ब्लाउंट सीनेटमध्ये जाऊन बसला. राज्य झालं की वस्ती वाढते, वस्ती वाढली की भाव वाढतो. सगळं त्याच्या गणिताप्रमाणे चाललं होतं.

गणित कुठे चुकलं

चुकलं ते युरोपात. फ्रान्सशी चाललेल्या लढाईत इंग्लंडचा पैसा अडकला आणि अमेरिकन जमिनीला परदेशी गिऱ्हाईक मिळेना. १७९६-९७मध्ये जमिनीचा फुगा फुटला. क्रांतीच्या काळात देशाचा खजिना सांभाळणारा रॉबर्ट मॉरिस पुढच्या वर्षी कर्जापायी तुरुंगात गेला. ब्लाउंटचा भागीदार डेव्हिड ॲलिसन बुडाला. त्याच्या हुंड्यांवर सह्या करून बसलेला जॅक्सनही त्यात होरपळला. ब्लाउंटमागे सावकारांचा तगादा सुरू झाला.

त्यातच आणखी एक आवई उठली. १७९६च्या शरदात स्पेनने फ्रान्सच्या बाजूने इंग्लंडशी युद्ध पुकारलं होतं. आता स्पेन लुइझियाना फ्रान्सला देणार, असं बोललं जाऊ लागलं. टेनेसीचा माल नदीनेच बाहेर जायचा : टेनेसी, कंबरलँड, मग मिसिसिपी आणि शेवटी न्यू ऑर्लीन्स. तिथे फ्रेंच येऊन बसले आणि त्यांनी नदीचं तोंड बंद केलं, तर वरच्या लाखो एकरांची किंमत काय उरणार?

ब्लाउंटला सापडलेला उपाय असा. इंग्लंडनेच स्पेनकडून फ्लोरिडा आणि लुइझियाना घ्यावं. ब्रिटिश आरमार समुद्राकडून येईल; सीमेवरचे गोरे आणि क्रीक, चेरोकी जमिनीवरून. न्यू माद्रिद, पेन्साकोला, न्यू ऑर्लीन्स पडतील, बंदरं व्यापाराला मोकळी राहतील. मूळ कल्पना जॉन चिझम या नॉक्सव्हिलच्या खानावळवाल्याची. तो फिलाडेल्फियातल्या ब्रिटिश राजदूताला, रॉबर्ट लिस्टनला, भेटला आणि मार्च १७९७ला लिस्टनने त्याला लंडनला पाठवूनही दिलं. न्यूयॉर्कचा डॉक्टर आणि जमिनीचा सट्टेबाज निकोलस रोमेन ब्लाउंटच्या जोडीला होता. लंडनने शेवटी चिझमला वाटेला लावलं. पण कॅरीला पत्र लिहिलं तेव्हा ब्लाउंटला हे कळायची सोय नव्हती.

त्या पत्रातला एक भाग मला कटापेक्षाही बोलका वाटतो. हॉल्स्टनच्या तहाची सरहद्द आखल्यावर चेरोकी चिडले होते. ब्लाउंट कॅरीला सुचवतो की तो दोष माझ्यावरून उचलून माजी राष्ट्राध्यक्षांवर टाक. ते आता पदावर नाहीत, तेव्हा चेरोकींनी त्यांना कितीही बोल लावले तरी काही बिघडत नाही. माजी राष्ट्राध्यक्ष म्हणजे वॉशिंग्टन. तह ब्लाउंटने केलेला, नेमणूक वॉशिंग्टनने दिलेली, आणि त्यांना पायउतार होऊन दोन महिनेही झाले नव्हते.

फिलाडेल्फिया, जुलै १७९७

कॅरीला पगार सरकार देत होतं. त्याच्याकडून पत्र टेलिकोच्या सरकारी व्यापारी ठाण्यावरच्या जेम्स बायर्सच्या हाती आलं. हा तोच बायर्स, ज्याला कळू देऊ नकोस असं पत्रात लिहिलं होतं. तिथून नॉक्सव्हिलचा सरकारी अधिकारी डेव्हिड हेन्ली, आणि मग राजधानी. राष्ट्राध्यक्ष जॉन ॲडम्सने ॲटर्नी जनरलचं मत घेतलं आणि ३ जुलैला पत्र काँग्रेससमोर ठेवलं.

सीनेटमध्ये ते मोठ्याने वाचलं गेलं तेव्हा ब्लाउंट सभागृहाबाहेर होता. तो आत आला. अध्यक्षस्थानी उपराष्ट्राध्यक्ष थॉमस जेफरसन. पत्र पुन्हा वाचण्यात आलं आणि हे तुम्ही लिहिलं का, असं त्याला विचारलं. तो म्हणाला की कॅरीला मी पत्र लिहिलं होतं खरं. पण ही त्याची बरोबर नक्कल आहे का, हे कागद पाहिल्याशिवाय सांगता येणार नाही, उद्यापर्यंत वेळ द्या. दुसऱ्या दिवशी तो फिरकलाच नाही. जहाजाने पळायचा त्याचा प्रयत्न फसला आणि कपडे, कागदपत्रं जप्त झाली.

७ जुलैला प्रतिनिधिगृहाने महाभियोगाचा ठराव केला. ८ जुलैला सीनेटने २५ विरुद्ध १ मतांनी त्याला काढून टाकलं. एकटं विरोधी मत व्हर्जिनियाच्या हेन्री टॅझवेलचं. क्रम उलटा झाला हे लक्षात घ्या. आरोप काय हे कलमवार लिहून व्हायच्या आधीच आरोपीचं पद गेलं होतं. कलमं तयार झाली ती १७९८ उजाडल्यावर. एकूण पाच : तटस्थता मोडून स्पेनच्या मुलखावर स्वारीचा कट, त्यासाठी क्रीक आणि चेरोकींना चिथावणं, सरकारी प्रतिनिधी बेंजामिन हॉकिन्सवरचा जमातींचा विश्वास डळमळीत करणं, कॅरीला कर्तव्यापासून फितवणं, आणि सरहद्दीबाबत चेरोकींच्या मनात सरकारविषयी किंतू निर्माण करणं.

गव्हर्नर असताना जमातींशी तह करणारा आणि त्याच प्रदेशात जमीन साठवणारा माणूस एकच कसा, हे कोणत्याही कलमात नाही. विचारणार तरी कोण? दोन्ही सभागृहांत जमिनीत पैसा घातलेले लोक बसले होते, आणि १००० एकरांची अट तर काँग्रेसच्याच कायद्यात होती.

ब्लाउंट जामिनावर सुटला आणि सरळ नॉक्सव्हिलला गेला. तिथे त्याचं स्वागत झालं. सीमेवरच्या लोकांच्या नजरेने पाहिलं तर त्याने फितुरी केलीच नव्हती. नदीचं तोंड मोकळं ठेवायची खटपट केली होती. त्याला पकडून आणायला सीनेटने आपला सार्जंट, जेम्स मॅथर्स, धाडला. सांगतात की गावाने त्याचा पाहुणचार चांगला केला. पण ब्लाउंटला घेऊन जायची वेळ आली तेव्हा मदतीला एक माणूस मिळाला नाही, आणि गावकऱ्यांनी त्यालाच वेशीबाहेर पोचवून निरोप दिला. तिखटमीठ काढून टाकलं तरी एवढं खरं की मॅथर्स रिकाम्या हाताने परतला. डिसेंबर १७९८मध्ये फिलाडेल्फियात खटला उभा राहत होता, तेव्हा आरोपी टेनेसीच्या राज्य सीनेटचा सभापती होता. त्याच्यासाठी जेम्स व्हाइट या मित्राने आपली जागा रिकामी केली होती.

खटला आणि न सांगितलेलं कारण

आरोपी हजर नाही, वकील हजर. जेरेड इंगरसोल आणि अलेक्झांडर डॅलस हे फिलाडेल्फियाचे नामांकित वकील. इंगरसोलची सही घटनेवर ब्लाउंटच्या सहीबरोबरच होती. पत्र लिहिलं की नाही या वादात ते गेलेच नाहीत. त्यांचं म्हणणं सीनेटच्या अधिकाराबद्दल होतं. महाभियोग ‘नागरी अधिकाऱ्यां’वर चालतो, सीनेटर हा तसा अधिकारी नव्हे. आणि असलाच, तरी ब्लाउंट आता सीनेटर कुठे आहे? उलट बाजूने डेलावेअरचा जेम्स बेयर्ड म्हणत होता की असं मानलं तर राजीनामा देऊन कोणीही सुटेल.

१० जानेवारी १७९९ला, ब्लाउंट नागरी अधिकारी होता असा ठराव ११ विरुद्ध १४ने पडला. दुसऱ्या दिवशी, या सभागृहाला हा खटला चालवता येत नाही, असं १४ विरुद्ध ११ने ठरलं. प्रकरण निकालात निघालं.

सीनेटने मान्य केलेल्या ठरावात कारण दिलेलं नाही, आणि खरी गोम तिथे आहे. सीनेटरवर महाभियोग चालत नाही म्हणून, की पद गेलेल्या माणसावर चालत नाही म्हणून? पहिल्या दिवशीच्या मतावरून पहिलं कारण जास्त पटतं, आणि व्यवहारात तेच धरलं गेलं. दुसरा प्रश्न उघडाच राहिला. १८७६ला युद्धमंत्री विल्यम बेल्कनॅपने महाभियोगाच्या काही मिनिटं आधी राजीनामा दिला, तेव्हा तो पुन्हा वर आला. सीनेटने ३७ विरुद्ध २९ने खटला चालवता येतो असं ठरवलं. फेब्रुवारी २०२१मध्ये डोनाल्ड ट्रम्प पदावरून उतरल्यावर त्यांच्या दुसऱ्या महाभियोगातही तोच वाद झाला, ब्लाउंटचं नाव दोन्हीकडून घेतलं गेलं, आणि खटला चालवता येतो असं ५६ विरुद्ध ४४ मतांनी ठरलं.

ब्लाउंट स्वतः २१ मार्च १८००ला नॉक्सव्हिलमध्ये वारला. एक्कावन्न पूर्ण व्हायला पाच दिवस उरले होते. त्याचा सावत्र भाऊ विली, जो टेरिटरीच्या काळात त्याचा चिटणीस होता, १८०९ला टेनेसीचा गव्हर्नर झाला आणि सहा वर्षं राहिला. राज्यात ब्लाउंटच्या नावाची काउंटी आहे, बायकोच्या माहेरच्या नावाची ग्रेंजर काउंटीही आहे. अमेरिकेच्या सीनेटने आजवर काढून टाकलेल्या सभासदांची संख्या १५. त्यातले १४ जण १८६१-६२मध्ये गृहयुद्धात बंडखोरांना सामील झाल्याच्या किंवा साथ दिल्याच्या आरोपावरून गेले. पंधरावा, आणि काळाने पहिला, ब्लाउंट. त्याच्यानंतर एकाही सीनेटरवर महाभियोग झालेला नाही.